कोकण किनाऱ्यावर बांधणाऱ्या अभियंत्यांना खुले पत्र

प्रति,
जेट्ट्या, धक्के, धूपप्रतिबंधक बंधारे आणि खाडीपूल आखणारे, त्यांची अंदाजपत्रके मंजूर करणारे आणि कामावर उभे राहून ती कामे करून घेणारे सर्व अभियंते

सप्रेम नमस्कार.

इसवी सन ७९ मध्ये व्हेसुव्हियसच्या उद्रेकात मरण पावलेल्या थोरल्या प्लिनीने आपल्या ज्ञानकोशात लिहून ठेवले आहे की रोम शहरात इमारती पडतात त्याचे सर्वांत मोठे कारण म्हणजे चुन्याची चोरी. मसाल्यात हवा तेवढा चुना पडतच नाही आणि दगड नुसते एकावर एक रचले जातात. याच ग्रंथात त्याने पुतेओली गावच्या धुळीबद्दलही लिहिले आहे. ही धूळ समुद्रात बुडताच तिचा एकसंध दगड होतो, लाटा त्याला काही करू शकत नाहीत आणि तो दिवसेंदिवस अधिक घट्ट होत जातो, असे तो सांगतो. तुम्ही ही दोन्ही निरीक्षणे एकत्र वाचावीत म्हणून हे पत्र लिहीत आहे.

दोन्ही एकाच काळात खरी होती. ज्या समाजाने समुद्रात दोन हजार वर्षे टिकलेले काँक्रीट केले, त्याच समाजात चुना चोरणारे ठेकेदार होते आणि भाडेकरूंसकट ढासळणाऱ्या बहुमजली इमारती होत्या. इसवी सन २७ मध्ये रोमजवळच्या फिडेने गावी आतिलियस नावाच्या माणसाने पैशासाठी लाकडी प्रेक्षागार उभारले. पाया धड घेतला नाही, लाकडाचे सांधे पक्के केले नाहीत, आणि ते भरल्या गर्दीसकट कोसळले. रोमन इतिहासकार टॅसिटस मृत आणि जखमी मिळून ५०,००० चा आकडा देतो. त्यानंतर सिनेटने ठराव केला की जमीन पारखल्याशिवाय प्रेक्षागार बांधायचे नाही, आणि ४,००,००० सेस्टर्सपेक्षा कमी मालमत्ता असलेल्याने खेळच भरवायचे नाहीत. रोमन माणूस काही जन्मतः पक्के बांधणारा नव्हता. त्याने मार खाल्ला, मग नियम केले, आणि ते नियम मालाच्या निवडीपर्यंत नेले.

मी स्थापत्य अभियंता आहे आणि माझे बरेचसे काम खाऱ्या पाण्याशेजारी झाले आहे. गेल्या काही वर्षांत ‘रोमन काँक्रीटचे रहस्य उलगडले’ अशा बातम्या आपल्या सगळ्यांच्या व्हॉट्सॲपवर येतात आणि त्यामागून घरचे, शेजारचे, गावचे सरपंच विचारतात की त्यांचे दोन हजार वर्षे टिकते, मग आपल्या जेट्टीच्या सळया काही वर्षांतच बाहेर का येतात? आपण सहसा उत्तर देतो की पडले ते आपल्याला दिसत नाही, उरले तेवढेच दिसते. त्यांच्यावर डंपर जात नव्हते. त्यांना घाई नव्हती. यात खोटे काही नाही. पण एवढ्यावर प्रश्न संपवला तर आपण आपल्याच व्यवसायावर अन्याय करतो, कारण त्या लोकांनी नेमके काय केले हे आज बऱ्यापैकी स्पष्ट झाले आहे आणि त्यातले पुष्कळसे आपल्या हातात आहे.

आधी धुळीकडे येऊ. नेपल्सच्या आखाताचा पश्चिम काठ म्हणजे ज्वालामुखीचा प्रदेश. पुतेओली म्हणजे आजचे पोत्सुओली. तिथे जमीन आजही वरखाली होते आणि शेजारच्या बाया गावाचा रोमन भाग पाण्याखाली गेला आहे. उद्रेकात बाहेर पडलेली राख झटकन थंड झाली. तिच्यातल्या सिलिका आणि ॲल्युमिनाला स्फटिक व्हायला वेळ मिळाला नाही, ती काचेच्या रूपातच राहिली. अशी काच चुन्याला भेटली की पाण्याच्या सान्निध्यात दोघांचा संयोग होतो आणि पाण्यात न विरघळणारा बंधक तयार होतो. नुसता चुना हवेतला कार्बन डायऑक्साइड घेऊन घट्ट होतो, म्हणून जाड भिंतीच्या पोटात तो वर्षानुवर्षे ओला राहतो आणि पाण्याखाली तर घट्ट होतच नाही. राखेने ही अडचण दूर केली. ऑगस्टसच्या काळात लिहिणाऱ्या व्हित्रुव्हियस या रोमन स्थापत्यकाराने प्रमाणही दिले आहे. समुद्रातल्या कामाला दोन भाग राख आणि एक भाग चुना. जमिनीवरच्या बांधकामाला खाणीतली वाळू असेल तर तीनास एक, नदीची किंवा समुद्राची असेल तर दोनास एक, आणि त्यात भाजलेल्या विटा-खापऱ्यांचा कुटून चाळलेला चुरा एक तृतीयांश घातला तर मसाला आणखी चांगला होतो. आपल्याकडची सुरखी ती हीच. किल्ल्यांवर बैलाच्या घाणीत दळलेल्या चुन्यात आपल्या गवंड्यांनीही भाजलेल्या मातीचा असाच उपयोग केला.

ही राख त्यांना किती मोलाची वाटत होती हे सिझेरियाच्या बंदरावरून कळते. आजच्या इस्रायलच्या किनाऱ्यावर हेरोद राजाने इसवी सनापूर्वी २२ च्या सुमारास बंदर बांधायला घेतले. तो किनारा उघडा, वालुकामय, नैसर्गिक आडोसा नसलेला. लाकडी पेट्या समुद्रात नेऊन बुडवल्या आणि त्या काँक्रीटने भरल्या. त्या काँक्रीटमधली राख स्थानिक नव्हती, ती भूमध्य समुद्र ओलांडून नेपल्सच्या आखातातून जहाजाने आणली होती. २००२ ते २००९ या काळात रोमाकॉन्स नावाच्या प्रकल्पात जॉन ओल्सन, ख्रिस्तोफर ब्रँडन आणि रॉबर्ट होलफेल्डर यांनी भूमध्य समुद्रातल्या रोमन बंदरांमधून काँक्रीटचे कोअर, म्हणजे पोकळ ड्रिलने कापलेले दंडगोल नमुने, काढले, आणि बंदरामागून बंदर तीच राख सापडत गेली. ज्यांना वाहतुकीचा खर्च आपल्याहून कितीतरी जास्त जाणवत होता त्यांनी दूरवरून माल आणला, कारण जवळच्या मालाने काम होणार नाही हे त्यांनी आधी ठरवले होते. सिझेरियाचे बाहेरचे बंधारे पुढे खचत गेले आणि आज ते बरेचसे पाण्याखाली आहेत, हेही सांगितले पाहिजे. मसाला पक्का असला तरी तळाची वाळू आपला हिशेब वेगळा ठेवते.

आता जे मला सर्वांत महत्त्वाचे वाटते ते. त्या समुद्री काँक्रीटची दाबशक्ती तपासली तर ती साधारणपणे १० मेगापास्कलच्याही खाली भरते. आपण ज्याला एम २० म्हणतो, म्हणजे २८ दिवसांनी २० मेगापास्कल दाब सोसणारे काँक्रीट, त्याच्या निम्म्याहून कमी. आपल्या कुठल्याही प्रयोगशाळेत हा क्यूब, म्हणजे चाचणीचा ठोकळा, नापास होईल, बिल अडेल, ठेकेदाराला नोटीस जाईल. आणि तेच काँक्रीट दोन हजार वर्षे भरती-ओहोटी सोसत उभे आहे. दाबशक्ती आणि टिकाऊपणा हे दोन वेगळे गुण आहेत हे आपण सगळे पुस्तकात शिकलो. पण आपली तपासणी, आपले मोजमाप पुस्तक, आपले देयक, सगळे २८ दिवसांच्या दाबशक्तीभोवती फिरते. जो गुण मोजला जातो तोच बांधला जातो.

ते काँक्रीट इतके का टिकले याचे उत्तर २०१७ मध्ये मारी जॅक्सन आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी अधिक नेमके केले. समुद्राचे पाणी हळूहळू आत झिरपते, ज्वालामुखीच्या काचेतला काही भाग विरघळवते आणि त्यातून फिलिप्साइट आणि ॲल्युमिनियमयुक्त टोबरमोराइट ही खनिजे छिद्रांत आणि भेगांत स्फटिकरूपाने वाढतात. आपल्याकडे खडीतली सिलिका आणि सिमेंटमधली अल्कली यांची प्रक्रिया झाली तर काँक्रीट फुगते आणि फुटते, म्हणून आपण तिला घाबरतो. रोमन काँक्रीटमध्ये त्याच जातीच्या प्रक्रियेने पोकळ्या भरून काढल्या. समुद्र त्याला खात नव्हता, घडवत होता. ‘दिवसेंदिवस अधिक घट्ट’ हे प्लिनीचे म्हणणे आता सूक्ष्मदर्शकाखाली दिसते आहे.

मग आपण तसेच का करू नये? हा प्रश्न तरुण अभियंते उत्साहाने विचारतात, म्हणून त्याचे सरळ उत्तर देतो. आपल्या काँक्रीटमध्ये सळई आहे, त्यांच्यात नव्हती. सळईला गंज चढू नये यासाठी तिच्याभोवतीचे काँक्रीट तीव्र अल्कधर्मी राहावे लागते आणि समुद्राच्या मिठातले क्लोराइड तिच्यापर्यंत पोहोचता कामा नये. समुद्राचे पाणी झिरपू देणे हा रोमन काँक्रीटचा जीव. आपल्या काँक्रीटचा तो मृत्यू. गंज मूळ लोखंडापेक्षा कितीतरी अधिक जागा व्यापतो, आतून दाब येतो, सळईवरचा काँक्रीटचा थर, म्हणजे कव्हर, सुटून पडतो, आणि मग उघड्या सळईला थांबवणारे काही उरत नाही. १८६७ मध्ये जोसेफ मोनिए या फ्रेंच माळ्याने लोखंडी जाळी घातलेल्या कुंड्यांचे पेटंट घेतले तेव्हापासून सळईने आपल्याला कॅन्टिलिव्हर, सपाट स्लॅब, लांब गाळे दिले. पण बांधकामाचे आयुष्य त्या सळईच्या आयुष्याला बांधले गेले.

म्हणून माझी पहिली विनंती अशी की सळई जिथे लागत नाही तिथे ती घालू नका. रोमन लोक कमान आणि घुमट करत, कारण त्यात सगळा भार दाबानेच वाहून जातो. रोममधल्या पँथिऑनचा ४३.३ मीटर व्यासाचा घुमट हेड्रियनच्या काळात, इसवी सन १२५ च्या सुमारास पुरा झाला. बिनसळईच्या काँक्रीटचा तो आजही जगातला सर्वांत मोठा घुमट आहे. त्याच्या पायात जड ट्रॅव्हर्टाइनचे तुकडे आहेत, वर चढत जावे तसे हलका टफ, मग विटांचे तुकडे, आणि अगदी माथ्याजवळ प्यूमिससारखा पाण्यावर तरंगणारा ज्वालामुखीचा दगड. खाली साधारण ६ मीटर असलेली जाडी वर १.२ मीटरवर येते. एकाच इमारतीत, एकाच घुमटात, जागा बघून खडी बदलली आहे. आपल्या बंधाऱ्यांत, वजनदार गुरुत्व भिंतींत, लाटा फोडणाऱ्या ठोकळ्यांत ताण फारसा नसतो. मरीन ड्राइव्हवर दिसतात तसले टेट्रापॉड सहसा बिनसळईचेच असतात आणि त्यामुळेच खाऱ्या पाण्यात निर्धास्त बसतात. तरीही कित्येक ठिकाणी केवळ ‘असू दे, भेगा पडायला नकोत’ म्हणून भिंतीच्या तोंडाजवळ सळईची जाळी घातली जाते, आणि काही वर्षांनी भेगा पडतात त्या तिच्यामुळेच. तापमानाच्या भेगांना उत्तर म्हणजे योग्य अंतरावर सांधे, कमी उष्णता देणारे मिश्रण आणि धीराने केलेले क्युरिंग, म्हणजे काँक्रीट ओले ठेवणे.

दुसरी विनंती राखेची. आपला सह्याद्रीचा काळा दगड ज्वालामुखीचाच, पण तो सुमारे साडेसहा कोटी वर्षांपूर्वी लाव्हा हळूहळू निवून तयार झाला. त्याचे स्फटिक झाले आहेत. तो दळून चुन्यात किंवा सिमेंटमध्ये घातला म्हणून पुतेओलीची धूळ होत नाही. असा सल्ला समाजमाध्यमांवर दिला जातो म्हणून मुद्दाम सांगतो. आपली पुतेओलीची धूळ औष्णिक वीजकेंद्रांच्या चिमणीखाली जमते. कोराडी, खापरखेडा, चंद्रपूर, आणि किनाऱ्यालगत डहाणू. दगडी कोळशातली माती भट्टीत वितळते, झटकन थंड होते आणि काचेचे बारीक गोळे होतात. तीच रचना, तोच गुण. घाटघरच्या उदंचन प्रकल्पाची रोलर-कॉम्पॅक्टेड, म्हणजे रोलरने दाबून बसवलेल्या, काँक्रीटची धरणे याच राज्यात झाली, देशातली त्या प्रकारची पहिली, आणि त्यांच्या मिश्रणात या राखेचा, म्हणजे फ्लाय ॲशचा, वाटा सिमेंटपेक्षा मोठा होता. रायगड जिल्ह्यात डोलवीला पोलाद कारखाना आहे आणि झोतभट्टीची दळलेली मळी (स्लॅग) समुद्री काँक्रीटला फारच मानवते. पोर्टलँड सिमेंट, म्हणजे आपले नेहमीचे सिमेंट, घट्ट होताना मोकळा चुना मागे राहतो. राख किंवा मळी तो चुना वापरून टाकते, छिद्रे बारीक होतात आणि क्लोराइडची वाट अवघड होते.

हे मी नवीन सांगत नाही. आयएस ४५६ : २००० या काँक्रीटच्या भारतीय मानकात समुद्राच्या पाण्यातल्या काँक्रीटबद्दलच्या कलमात लिहिलेच आहे की अशा परिस्थितीत मळीचे किंवा पोझोलाना, म्हणजे राखेसारखा माल मिसळलेले, सिमेंट फायद्याचे ठरते. पण ‘फायद्याचे’ असे लिहिलेले कामावर ‘ऐच्छिक’ असे वाचले जाते. किनाऱ्याच्या निविदेत ते सक्तीचे करा. आणि भाजलेल्या मातीकडेही बघा. केओलिनयुक्त माती ७०० ते ८५० अंशांवर भाजून, ती आणि चुनखडी पोर्टलँड क्लिंकरमध्ये (सिमेंट दळण्याआधीच्या भट्टीतल्या खड्यांत) मिसळून केलेल्या सिमेंटला आता आयएस १८१८९ : २०२३ हे मानक मिळाले आहे. पोर्टलँड क्लिंकरला १४५० अंशांची भट्टी लागते, आणि जगातल्या कार्बन डायऑक्साइडच्या उत्सर्जनात सिमेंट उद्योगाचा वाटा ७ ते ८ टक्के धरला जातो. सुरखी परत येते आहे, या वेळी मोजून मापून, आणि कोकणात चिनी मातीचे साठेही आहेत.

राखेच्या काँक्रीटला एक अट असते, ती म्हणजे वेळ. तिची ताकद सावकाश येते. २८ दिवसांच्या क्यूबवरच पास-नापास ठरणार असेल तर ठेकेदार राखेला हात लावणार नाही, किंवा सिमेंट वाढवून घाई करेल आणि भेगा पाडेल. ५६ किंवा ९० दिवसांच्या चाचणीवर स्वीकृती द्यायची सोय मिश्रण ठरवतानाच करारात ठेवावी लागेल. क्युरिंगचेही तसेच. मानकात साध्या पोर्टलँड सिमेंटला किमान ७ दिवस आणि मिश्र सिमेंटला किमान १० दिवस ओले ठेवायला सांगितले आहे, कोरड्या उष्ण हवेत त्याहून अधिक. प्रत्यक्षात गोणपाट दोन दिवसांत सुकते आणि टँकर पुढच्या कामाला जातो. क्युरिंग हा दरसूचीत स्वतंत्र बाब म्हणून लिहा, त्याचे मोजमाप घ्या, त्याचे पैसे द्या, आणि झाले नाही तर कापा. जोवर ते दुसऱ्या बाबीच्या पोटात लपलेले आहे तोवर ते प्लिनीच्या चुन्यासारखे चोरीला जात राहील. पाण्याचीही तीच गोष्ट. रोमन काँक्रीट ओतले जात नव्हते. कमी पाण्याचा घट्ट मसाला आणि मुठीएवढे दगड थराथराने रचून ठोकले जात. आपण मिक्सरमध्ये पाइप सोडून काँक्रीट पातळ करतो, ते सहज वाहते, आणि जादा पाणी उडून गेल्यावर मागे उरलेल्या वाटांनी खारे पाणी आत येते.

तिसरी गोष्ट वर्षांची, आणि इथे मला व्हित्रुव्हियसचा आदर वाटतो. त्याचे पुस्तक मी तुम्हा सर्वांना वाचायला सांगेन, कारण ते कामावर उभे राहिलेल्या माणसाचे आहे. वाळू हातात चोळली की करकरली पाहिजे. पांढऱ्या कापडावर टाकून झटकली तर डाग किंवा माती मागे राहता कामा नये. दगड बांधकामाआधी दोन वर्षे उन्हापावसात उघडा ठेवायचा, जो खराब होईल तो पायात टाकायचा, जो टिकेल तो वर चढवायचा. कच्ची वीट वसंतात किंवा शरदात पाडायची म्हणजे एकसारखी वाळते, आणि दोन वर्षे तरी वाळवायची. उटिका शहरात तर पाच वर्षे जुनी झालेली आणि दंडाधिकाऱ्याने तपासून मंजूर केलेली वीटच भिंतीत घालता येत असे, असे तो नोंदवतो. प्लिनीही जुन्या नियमांचा हवाला देतो की तीन वर्षांपेक्षा ताजा विरवलेला चुना ठेकेदाराने वापरू नये. म्हणूनच जुन्या लोकांच्या गिलाव्याला भेगा पडत नव्हत्या, असे त्याचे म्हणणे आहे.

याच व्हित्रुव्हियसमध्ये सामाईक भिंतीच्या मूल्यमापनाची रीत आहे. मऊ दगडाच्या रबल भिंतीची किंमत ठरवताना पंच बांधणीचा खर्च तसाच धरत नसत. दर वर्षाला ऐंशीवा भाग वजा करत, कारण अशी भिंत ८० वर्षांपेक्षा जास्त टिकत नाही असा त्यांचा निर्णय. विटांची भिंत ओळंब्यात उभी असेल तर मात्र काहीच वजा नाही. ती बांधली तेव्हा जितक्याची होती तितक्याचीच आजही. दोन हजार वर्षांपूर्वी मालाचे आयुष्य वर्षांत मोजून ते किमतीत उतरवले जात होते. आपल्या छोट्या जेट्टीच्या अंदाजपत्रकात सिमेंटच्या गोण्या असतात, सळईचे टन असतात, ठेकेदाराचा दोषदायित्व कालावधी असतो. ही जेट्टी किती वर्षे टिकायची आहे, हा आकडा कुठे असतो?

हे अशक्य नाही, कारण मोठ्या कामांत ते होते. जानेवारी २०२४ मध्ये खुल्या झालेल्या अटल सेतूचे संकल्पित आयुष्य १०० वर्षे ठरवले होते, आणि काँक्रीटचे मिश्रण, कव्हर, सळईचे संरक्षण हे सगळे त्यामागोमाग ठरले. मच्छीमारांच्या धक्क्याला तेवढे बजेट नसते हे मला ठाऊक आहे. तिथे ५० वर्षे लिहा. पण लिहा. एकदा तो आकडा निविदेच्या पहिल्या पानावर आला की क्लोराइड-प्रवेशाची चाचणी मागावी लागेल, शटरिंग काढल्यावर कव्हर मीटरने जागोजाग कव्हर मोजून नोंदवावे लागेल, लाटांच्या पट्ट्यात बांधकाम सांधा येऊ द्यायचा नाही हे आराखड्यावर दाखवावे लागेल. आज यातले बरेचसे मानकात आहे आणि कामावर नाही.

कळीच्या, म्हणजे भाजलेल्या पण न विरवलेल्या, चुन्याबद्दल थोडे लिहायला हवे, कारण ‘रहस्य’ म्हणून तेच सर्वाधिक फिरते. जानेवारी २०२३ मध्ये एमआयटी या अमेरिकी विद्यापीठातले संशोधक अदमीर मासिक आणि त्यांच्या सहकाऱ्यांनी प्रिव्हर्नम या प्राचीन शहराच्या तटाच्या मसाल्याचा अभ्यास प्रसिद्ध केला. रोमन मसाल्यात चुन्याचे पांढरे खडे सर्वत्र दिसतात. पूर्वी त्यांना ढिसाळ मिश्रणाची खूण समजत. त्यांच्या मते रोमन लोक कळीचा चुना राखेत कोरडा मिसळून मग पाणी घालत, मिश्रण तापे, आणि हे खडे मागे राहत. पुढे भेग पडून पाणी आले की खड्यातला चुना विरघळून भेगेत परत जमतो. त्यांनी तसे नमुने करून मुद्दाम फोडले आणि त्यातून पाणी सोडले; दोन आठवड्यांत भेगा भरल्या आणि पाणी थांबले. संशोधन सुंदर आहे. पण कृपा करून कोणी ते वाचून सळईच्या काँक्रीटमध्ये कळीचा चुना टाकायला निघू नका. त्याची पहिली जागा जुन्या चुन्याच्या बांधकामांच्या दुरुस्तीत आहे. आपले जलदुर्ग, घाट, विहिरी चुन्यात बांधलेल्या आहेत, आणि त्यांच्या सांध्यांत सिमेंट भरले की ओल दगडाच्या तोंडातून बाहेर पडू लागते आणि मीठ दगडच सोलून काढते. तिथे चुना, सुरखी आणि चुन्यात हात बसलेले गवंडी हवेत. असे गवंडी फार थोडे उरले आहेत, त्यांना कामाला लावा, त्यांच्या हाताखाली मुले द्या आणि दरसूचीत त्यांच्या कामाचा खरा दर लिहा.

आपल्या व्यवसायाचा आधुनिक अध्यायच रोमन धड्याने सुरू झाला, हे पुष्कळांना सांगितले जात नाही. १७५६ ते १७५९ या काळात जॉन स्मीटनने इंग्लंडच्या दक्षिणेला भर समुद्रातल्या एडिस्टन खडकावर दीपगृह बांधले. पाण्यात घट्ट होणारा मसाला हवा म्हणून त्याने वेगवेगळ्या ठिकाणच्या चुनखड्या भाजून पाहिल्या, ज्या चुनखडीत माती मिसळलेली असते तीच पाण्यात घट्ट होते हे शोधले, आणि तिच्या चुन्यात इटलीहून आणलेली पोझोलाना, म्हणजे ज्वालामुखीची राख, घातली. पोर्टलँड सिमेंटचे पेटंट १८२४ चे, म्हणजे त्यानंतरचे. स्मीटनने जुने जसेच्या तसे उचलले नाही आणि जुने म्हणून टाकूनही दिले नाही. त्याने आपल्या खडकावर, आपल्या पाण्यात, आपल्या चुनखडीने प्रयोग केले.

माझी शेवटची विनंती त्याच प्रकारची आहे आणि तिला फारसा पैसा लागत नाही. अमेरिकेत मेन राज्याच्या किनाऱ्यावर ट्रीट आयलंड येथे १९३६ पासून काँक्रीटचे नमुने भरती-ओहोटीच्या पट्ट्यात ठेवून तपासले जात आहेत. आपल्या किनाऱ्यावरही तसे करता येईल. पुढच्या कुठल्याही एका जेट्टीच्या कामात वीस-पंचवीस जादा ठोकळे पाडायची बाब अंदाजपत्रकात घाला. काही साध्या पोर्टलँड सिमेंटचे, काही फ्लाय ॲशचे, काही मळीचे, काही भाजलेल्या मातीच्या नव्या सिमेंटचे. प्रत्येकात काही सळईसह आणि काही सळईविना, कव्हर वेगवेगळे. क्रमांक कोरा, भरती-ओहोटीच्या पट्ट्यात ठेवा, मिश्रणाची नोंद दोन ठिकाणी जपा: एक तुमच्या कार्यालयात, एक जवळच्या अभियांत्रिकी महाविद्यालयात. वर्षाने, पाच वर्षांनी, दहा वर्षांनी कोअर काढा. बदली होईल, निवृत्ती येईल, म्हणून पुढचा कोअर काढायची तारीख आणि जबाबदार पदाचे नाव ठोकळ्यांच्या नोंदवहीच्या पहिल्या पानावर असू द्या. कोकणच्या पाण्यात, आपल्या खडीत, आपल्या पावसात कुठले मिश्रण किती टिकते याचे आपल्या हातचे आकडे दहा वर्षांनी तयार असतील, आणि निविदेतली वर्षे कोणाच्या अंदाजावर लिहावी लागणार नाहीत.

एखाद्या उपविभागाने हे करायचे ठरवले तर मिश्रणे ठरवण्यापासून साचे लावण्यापर्यंतच्या कामाला मी विनामोबदला येईन, आणि माझ्यासारखे येणारे आणखीही आहेत.

कळावे, लोभ असावा.

आपला,
खाऱ्या पाण्याशेजारी काम करणारा एक स्थापत्य अभियंता